राक्षस जागा होऊ नये म्हणून

आमच्या घरात कुणाला शिंक आली तर तो जिन्यात जाऊन शिंकतो. हा नियम फौजदारांचा. फौजदार म्हणजे माझी लेक. अजून धड चार दात आले नाहीत, पण शेजारच्या घरात चमचा पडला तरी चौकशीला उठून बसते.

ती दुपारी झोपते तेवढ्यात माझं दुकान चालतं. दुकान म्हणजे स्वयंपाकघरातलं टेबल, त्यावरचा लॅपटॉप आणि मी. आधी ऑफिसात दुसऱ्यांच्या ॲपमधली बटणं रंगवायचे. बाळंतपणाची रजा संपत आली तेव्हा डोक्यात खूळ शिरलं की आता स्वतःचा व्हिडिओ गेम करायचा. चित्रं मी, कोड मी, आवाज मी. काम रखडलं की ओरडणारी मी आणि ऐकून घेणारीही मीच. तेसुद्धा मनातल्या मनात.

विषय शोधायला लांब जावं लागलं नाही. एक राक्षस झोपलाय. त्याच्या खाटेखाली एका बाईची चप्पल राहिली आहे. ती काढायची आणि पसार व्हायचं. गंमत अशी की हा गेम लॅपटॉपच्या माइकमधून तुमची खरीखुरी खोलीही ऐकत असतो. तुम्ही खोकलात की राक्षस कूस बदलतो. खुर्ची करकरली की एक डोळा उघडतो. त्याहून जास्त आवाज झाला की उठून बसतो आणि भोकाड पसरतो. ते भोकाड आमच्या फौजदारांचंच, जरा जाडं करून घातलेलं.

पहिल्यांदा खेळल्या सासूबाई.

"अगं, ही बाई अशी वाकून का चालते?"

"आई, हळू! उठेल ना तो."

"कोण, तुझा की आपली?"

"दोघंही."

त्यानंतर त्या तोंडावर पदर धरून खेळल्या.

मधेच एक अडचण आली. लेकीला खांद्यावर घेऊन काम करायला लागले की थोपटण्याच्या आवाजानं राक्षस उठायचा. म्हणून मी गेमला शिकवलं की संथ लयीतलं थोपटणं म्हणजे गोंगाट नव्हे, त्यानं उलट झोप गाढ होते. एका दुपारचं काम. केलं आणि विसरून गेले.

मग कळलं की गावातल्या मोठ्या सभागृहात नवख्यांच्या गेमचं प्रदर्शन भरतंय. निवड झाली तर तिथे टेबल मिळणार, लोक खेळणार, पैसे लावणारा एखादा प्रकाशक भेटला तर गेम पुरा होणार. नाही झाली तर मी पुन्हा बटणं रंगवायला जाणार. नवरा याबद्दल चकार शब्द बोलला नव्हता. मीच शहाणपणानं आधी जाहीर करून बसले होते.

निवडीच्या दिवशी त्यानं रजा घेतली आणि लेकीला घेऊन बाहेर बाकावर बसला. मी आत. समोर तीन परीक्षक: चष्मेवाल्या बाई, एक दाढीवाला तरुण आणि एक कॉफी फुरकणारे गृहस्थ. बाई खेळायला बसल्या. कुठलीतरी कळ दाबली. राक्षस उठला.

पुन्हा सुरू केलं. पुन्हा उठला. तिसऱ्यांदा तर खाटेवर पाठ टेकायच्या आधीच उठला.

"हा झोपतच नाही का?" बाईंनी विचारलं.

"झोपतो हो. घरी अगदी ढाराढूर झोपतो."

बोलता बोलता माझ्या लक्षात आलं. एसी घोंघावत होता. खुर्च्या सरकत होत्या. कॉफी फुरकली जात होती. ज्या घरात माणसं जिन्यात जाऊन शिंकतात त्या घरात बसून मी राक्षसाचे कान घडवले होते. जगात दुसरीकडे कुठेही त्याला झोप लागणं शक्य नव्हतं. ते कान मंद करायची सोय गेममध्ये ठेवायचं सुचलंच नव्हतं, कारण गरज कधी पडलीच नव्हती.

"पुढचे कोण आहेत?" दाढीवाला म्हणाला.

डोळ्यांसमोर बटणंच बटणं नाचायला लागली. तेवढ्यात दार उघडलं. नवरा. त्याची कुजबुज शेजारच्या इमारतीत ऐकू जाते.

"सॉरी हं, ही ऐकतच नाहीये!"

फौजदार हुंदके देत माझ्या खांद्यावर आले. नाक माझ्या मानेत खुपसलं. हात आपोआप पाठीवर गेला. थप, थप, थप. म्हटलं, बाई गं, निदान तू तरी झोप.

आणि राक्षस घोरायला लागला.

"काय केलंत?" चष्मेवाल्या बाई पुढे झुकल्या.

"काही नाही. हिला थोपटतेय."

मी थांबले. राक्षसाचा एक डोळा उघडला.

"अहो, थांबू नका!"

दाढीवाल्यानं टेबल थोपटायला घेतलं. राक्षस ताडकन उठला.

"अरे, गालिचा झटकतोयस का?" बाई खेकसल्या.

कॉफीवाल्यांनी कप बाजूला ठेवला. "सरक. मी दोन पोरं वाढवलीत." मनगट सैल सोडून त्यांनी टेबलावर हात टाकायला सुरुवात केली. काय ती लय! राक्षसाचा जबडा सैल पडला, खांद्यावर माझी लेक जड झाली आणि दाढीवाल्यालाही जांभई आली.

चष्मेवाल्या बाई श्वास रोखून बसल्या. त्यांची ती वाकलेली बाई खाटेखाली शिरली. चप्पल हातात आली. एक पाऊल, मग दुसरं. इतक्यात दाढीवाल्यानं नाक दाबून धरलं, डोळे वटारले आणि तो पळत सुटला. लांबून, जिन्यातून, शिंक ऐकू आली. राक्षसानं नुसती कूस बदलली. चपलेसकट गेममधली बाई दाराबाहेर!

कुणी टाळी वाजवली नाही. चष्मेवाल्या बाईंनी माझ्याकडे बघून नुसता अंगठा वर केला. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, तेही बिनआवाजाचं.

"काय? झाली निवड?" नवरा कुजबुजला.

राक्षस आणि फौजदार दोघांनी एकदमच भोकाड पसरलं. सूर तंतोतंत एक.

"यातला कुठला आधी गप्प करायचा?" कॉफीवाल्यांनी विचारलं.

बाईंनी चष्मा पुसला. "कोपऱ्यातलं टेबल देते तुम्हाला. पण येताना घरी ठेवून या."

"हिला?"

"छे! ही तर लागेलच." त्यांनी माझ्या नवऱ्याकडे बोट दाखवलं. "यांना."