ये गं

गुरुनाथ आयुष्यात एकदाच पडद्यावर आला, तोही नॉर्वेच्या माहितीपटात. दुधावर फिल्म करणारी तिकडची मंडळी न्यूझीलंडमधल्या हॅमिल्टनजवळच्या आमच्या फार्मवर येऊन गेली होती. फार्मच्या मालकाचं नाव मरे. सासूबाईंच्या तोंडून ते निघत नाही. फोनवर त्या "तुझे साहेब" म्हणतात.

वर्षभराने फिल्मची लिंक आली, तेव्हा मरेने आम्हा नवराबायकोला चहाला बोलावलं. जूनपासून गुरुनाथला हर्ड मॅनेजर, म्हणजे सगळ्या कळपाचा कारभारी, करायचं त्याच्या मनात होतं. तेही त्याच दिवशी पक्कं होणार होतं.

गुरुनाथ दिसला तो फिल्मच्या शेवटाकडे. एक म्हातारी गाय गाभण राहिली नव्हती, म्हणून कत्तलखान्याच्या ट्रकमध्ये चढत होती. तिच्या कानात नंबरचा बिल्ला होता, पण गुरुनाथ तिला आक्का म्हणायचा. तिच्या पाठीवर हात ठेवून तो म्हणाला, "ये गं." खाली इंग्रजी अक्षरं उमटली : परत ये. मग कॅमेरा बराच वेळ त्याच्या चेहऱ्यावर थांबला आणि व्हायोलिन सुरू झालं.

"म्हणजे मी खाटीक ठरलो," मरे म्हणाला. "माझाच माणूस माझ्या गाईला परत बोलावतोय. अरे, गाई ट्रकमध्ये चढवणं हे मॅनेजरचंच काम. जमणार आहे का तुला?"

"भाषांतर चुकलंय," मी म्हणाले. "आमच्यात निघणाऱ्याला 'जा' म्हणत नाहीत, 'ये' म्हणतात. जाणाराही 'येतो' म्हणूनच जातो. तुमच्या 'सी या'सारखं."

मरेचा चेहरा सैल झाला. "स्वीट ॲज," तो म्हणाला, म्हणजे इथल्या बोलीत झकास. "नुसतं बाय म्हणालास तर."

गुरुनाथ 'हो' म्हणाला असता तर विषय तिथेच संपला असता. मी टेबलाखालून त्याचा पाय दाबला.

"बाय मी दुधाच्या टँकरवाल्याला म्हणतो," तो म्हणाला. "वासंती सांगतेय ते बरोबर आहे, भाषांतर चुकलंय. पण मला 'परत ये' असंच म्हणायचं होतं. आक्का रोज सगळ्यांच्या पुढे दूध काढायच्या शेडकडे निघायची. ती गेल्यावर दुसऱ्या दिवशी मी फाटक उघडलं तर एकही गाय हलेना. तिचीच वाट बघत होत्या."

मी चहाच्या कपाकडे बघत राहिले. मॅनेजरचं काम गेलं, असंच मला वाटलं.

"ट्रक आला की मी कुठे असतो?" मरेने विचारलं.

"मागच्या कुरणात. कुंपण दुरुस्त करत."

"ते कुंपण ठणठणीत आहे," मरे म्हणाला.

त्याने लॅपटॉप मिटला आणि गुरुनाथच्या कपात आणखी चहा ओतला.

"जूनपासून ट्रकपाशी तू. गाईंना काय म्हणायचं ते म्हण. फक्त आता कॅमेरावाले नकोत."