सहा ठिकाणांच्या पासवर गेलेली घडीची खुर्ची

मी एक जुनी घडीची खुर्ची आहे. मला हात नाहीत. चार लोखंडी पाय, निवारीच्या, म्हणजे जाड सुती पट्ट्यांची विणलेली बैठक आणि पाठीला एक आडवी दांडी, एवढाच माझा देह. भिलाईत कोहका भागात पंचफुलाबाईंच्या घरी मी राहते. मित्रांनो, खुर्च्या शांत स्वभावाच्या असतात असं तुम्हाला वाटत असेल. मी तशी नाही. एका बाईवर माझा वर्षानुवर्षं राग होता. त्या बाईबरोबर मला एकदा प्रवासाला जावं लागलं. त्या प्रवासाची ही हकिकत आहे.

मला धोंडबांनी घडवलं. ते पोलाद कारखान्यात फिटर होते. त्यांची बायको पंचफुला एकदा ओल्या पायरीवरून घसरली आणि तिचा गुडघा कायमचा अधू झाला. तिला खाली बसता येईना. ही दोघं दरवर्षी नागपूरला दीक्षाभूमीवर जायची, आणि तिथल्या गर्दीत माणसं जमिनीवरच टेकतात. त्या वर्षी पंचफुला म्हणाली, "मी नाही येत." धोंडबांनी घरातल्या मोडक्या खाटेचे पाइप कापले, ओळखीच्या वेल्डरकडून सांधे जोडून घेतले, आणि साडी अडकून फाटू नये म्हणून माझी एकेक कड कानशीने घासली. निवार पंचफुलाने स्वतः विणली. मग आम्ही तिघं नागपूरला गेलो.

ते माझे चांगले दिवस होते. रेल्वेच्या डब्यात, सभेच्या मैदानात, लग्नाच्या मांडवात लोक विचारायचे, ही कुठून घेतली? धोंडबा मान ताठ करून सांगायचे, "घरी बनवली."

पुढे धोंडबा आजारी पडले. दवाखान्यात त्यांच्या खाटेशेजारी मला मांडून पंचफुला बसून असायची. धोंडबांची मोठी बहीण वच्छला जवळच्या उतई गावाहून यायची. तिचं एकच म्हणणं होतं, भावाला नागपूरच्या मोठ्या दवाखान्यात न्या. ती ते इतक्या मोठ्याने म्हणायची की शेजारच्या खाटेवरची माणसं वळून पाहायची.

एका दुपारी ती गेल्यावर धोंडबांनी बायकोचा हात धरला. डॉक्टरांनी त्यांना खरं काय ते सांगितलं होतं. नागपूरला नेऊनही आता काही होणार नव्हतं. ते म्हणाले, "मले इथंच राहू दे. अन् बाईले सांगू नको. ती मले उचलून नेईन." वच्छलाला ते बाई म्हणत. पंचफुलाने मान डोलावली. हे ऐकायला तिसरं कोणी नव्हतं. फक्त मी होते, आणि मला तोंड नाही.

धोंडबा गेले. अंगणात माणसं जमली होती. वच्छला आली आणि सगळ्यांसमोर म्हणाली, "तू माया भावाले नागपूरले नेलं नाही. तूच मारलं त्याले." पंचफुलाने तिच्याकडे एकदा पाहिलं आणि ती आत गेली.

त्या दिवसापासून मला वच्छला नकोशी झाली. तीही माझ्याशी वाईटच वागली. मी खाटेखाली धूळ खात पडले होते. वर्षातून दोन-तीनदा ती यायची, मला बाहेर ओढायची आणि माझ्यावर गळकी बादली ठेवायची. माझ्या पायांना गंज चढला तो तिच्यामुळे. "हे भंगार अजून ठेवून राहिली काय?" असं ती प्रत्येक वेळी विचारायची. आणि जाताना नागपूरचा तो टोमणा मारल्याशिवाय ती कधीही उंबरा ओलांडत नसे.

मग तो पास आला.

पंचफुलाचा मुलगा राजदीप चरोद्याला रेल्वेत आहे. मोठ्या मुश्किलीने त्याला हिवाळ्यात सुट्टी मिळाली. त्याच दिवसांत गल्लीतला अंकुर घरी आला. तो एका ट्रॅव्हल्सच्या दुकानात काम करतो. त्याच्या हातात रंगीत कागद होता. "एक पास, दोन दिवस, सहा जागा," तो म्हणाला. "सिरपूर, राजीम, चंपारण, पुरखौती मुक्तांगण, जंगल सफारी अन् रायपूरचं म्युझियम. बस हमारी, तिकिटं हमारी. तुमाले काईच टेन्शन नाही."

वच्छला त्या दिवशी आलेलीच होती. तिने तो कागद हातात घेतला आणि बराच वेळ सोडला नाही.

"मले फक्त सिरपूर पाहाचं हाय," पंचफुला म्हणाली. सिरपूरला जमिनीतून निघालेले जुने बौद्ध विहार आहेत. दरवर्षी नागपूरला जाताना धोंडबा म्हणायचे, पुढच्या साली सिरपूर. ते राहूनच गेलं. "बाकी पाच जागांचं मी काय करू?"

"तुले पाहाचं नसन तर बसमध्ये बसून राहजो," वच्छला म्हणाली. "मी जलमभर उतईच्या शेतात राबली. मले कोणी कुठं नेलं? मले वाघ पाहाचा हाय. मले सगळंच पाहाचं हाय."

मित्रांनो, तेव्हा मला तिचा रागच आला. आज वाटतं, त्या वाक्यात खोटं काहीच नव्हतं.

राजदीपची बायको दीक्षा शाळेत शिकवते. तिने कागद शांतपणे वाचला. "पास वाईट नाही," ती म्हणाली. "ज्याले सहाही जागा पाहाच्या हायेत अन् ज्याचे पाय धड हायेत, त्याच्यासाठी सोयीचा हाय. पण सिरपूरले वेळ पाहा किती हाय. सकाळी पोहोचाचं अन् जेवणाच्या आधी निघाचं. आईचा गुडघा तर बसमध्ये चढता-उतरताच दमन. सिरपूरच पाहाचं तर आपली गाडी करून जाऊ, अन् दिवसभर राहू."

"अन् आत्याचं काय?" राजदीप म्हणाला. "दोन-दोन बार कोण जाईन? मले इतकी सुट्टी नाही भेटत. एकदाच सगळे जाऊ, फिनिश."

राजदीपच्या मनात आणखी एक गोष्ट होती. दोन दिवस एका बसमध्ये काढले, तर या दोघींचं भांडण मिटेल, अशी त्याला आशा होती. ते कळल्यावर पंचफुला म्हणाली, "तिच्यासंग मी एका सीटवर बसणार नाही."

"मले तरी कुठं शौक हाय," वच्छला म्हणाली.

शेवटी पास घेतले. दीक्षाचं बरोबर होतं हे राजदीपला कळत होतं. पण दोन म्हाताऱ्यांच्या मधे उभं राहून तो थकला होता, आणि थकलेला माणूस अनेकदा खरेदी करून मोकळा होतो.

निघायच्या दिवशी पंचफुलाने मला पुसून घडी केली. वच्छलाने कपाळाला आठ्या घातल्या. "हे भंगार कावून घेऊन राहिली? लोकं हासतीन."

"माया नवऱ्यानं बनवलं हाय."

"माया भावानं बनवलं हाय," वच्छला म्हणाली, "पण भंगार हाय."

बसमध्ये दोघी वेगवेगळ्या टोकांना बसल्या. मी सामानाच्या फळीवर होते. सिरपूरला बस थांबताच गाइडने शिट्टी फुंकली आणि सगळ्यांना विटांच्या लक्ष्मण मंदिराकडे पिटाळलं. माणसं वर पाहायची, फोटो काढायची आणि पुढे पळायची. पंचफुला मला काखेत धरून लंगडत मागे पडली. ती कशीबशी विहारात पोहोचली, तेव्हा बाकीचे निघायच्या बेतात होते.

विहारात एक मोठी बुद्धमूर्ती आहे. डोळे मिटलेले, उजव्या हाताची बोटं जमिनीला टेकलेली. पंचफुलाने मला मूर्तीसमोर उघडलं, ती बसली आणि तिने हात जोडले.

शिट्टी वाजली. ती उठली नाही. पुन्हा वाजली.

"माताजी, चलिए," गाइड म्हणाला. "आगे पाँच जगह बाकी हैं।"

"तुमी जा," ती म्हणाली.

"आई, पूरी बस थांबली हाय," राजदीप चिडून म्हणाला. "लोकं मले बोलून राहिले."

"बोलू दे. मी आताच तर आली."

तेवढ्यात वच्छला आली. पुढे वाघ होता आणि इथे उशीर होत होता. तिचा चेहरा लाल झाला होता. "तवाही तू अशीच बसून राहिली होती," ती म्हणाली. "याच खुर्चीवर. अन् माया भाऊ गेला."

पंचफुलाचे जोडलेले हात सुटले. ती सावकाश वळली.

"त्याईलेच जाचं नव्हतं नागपूरले," ती म्हणाली.

"खोटं नको बोलू."

"इथं बसून खोटं बोलीन काय मी? डॉक्टरनं सांगतलं होतं, नेऊनही काई होणार नाही. ते म्हणले, मले इथंच राहू दे, अन् बाईले सांगू नको. ती मले उचलून नेईन."

वच्छला दोन पावलं जवळ आली.

"मंग मले नंतर कावून नाही सांगतलं?"

"तुमी कधी विचारलं? अंगणात सगळ्याईसमोर बोलल्या, तूच मारलं. तवाच मी ठरवलं, नाही सांगाचं."

"इतके वर्षं?"

"हो. मले राग होता. आताही हाय."

बाहेर बसचा हॉर्न वाजू लागला. दीक्षा आत आली. "आत्या, बस निघून राहिली. तुमी जाता काय? तुमचा वाघ राहीन."

"जाऊ दे बस," वच्छला पंचफुलावरची नजर न हलवता म्हणाली. "मले हिच्याकडून सगळं आयकाचं हाय."

दीक्षा गेली आणि बसवाल्याला जा म्हणून सांगून आली. राजदीप पायरीवर डोकं धरून बसला.

वच्छलाने खांबाचा आधार घेतला. सत्तरीची बाई ती, आणि बसमधून उतरल्यापासून उभी होती. पंचफुला भिंतीला धरून उठली आणि पायाने मला तिच्याकडे सरकवलं. "बसा. पडसान इथं."

"नाही बसत."

"मंग मी नाही सांगत."

वच्छला माझ्यावर बसली. पहिल्यांदाच. ती जड होती. माझी एक पट्टी टर्रकन फाटली, पण मी तिला पडू दिलं नाही. का, ते मला अजून नीट कळलेलं नाही.

"शेवटी काई खाल्लं त्यानं?" तिने विचारलं.

"तुमी चन्याची भाजी आणली होती. तिचे दोन घास खाल्ले. बाकी कोणाच्या हातचं काईच जात नव्हतं."

वच्छलाने पदर तोंडावर घेतला. तिचा आवाज आला नाही. फक्त माझे सांधे करकरत राहिले. पंचफुलाने तिच्या पाठीवर हात ठेवला नाही. ती भिंतीला टेकून मूर्तीकडे पाहत उभी राहिली. तिला ज्यासाठी यायचं होतं ते ती पाहत होती. मधेच वच्छला काहीतरी विचारायची आणि ती मान न वळवता उत्तर द्यायची. दवाखान्यात रात्री कोण जागायचं, त्याला दुखायचं का, शेवटी शुद्ध होती का. उन्हं विटांवरून खाली उतरेपर्यंत हे चाललं होतं.

राजदीपने गावात एक गाडी ठरवली आणि आम्ही परत आलो. उरलेल्या पाच ठिकाणांचे पास त्याच्या खिशात तसेच संपले. गल्लीतले काही शेजारीही त्याच बसमध्ये होते; ते मात्र सहाही ठिकाणं पाहून हसत आले. वाघ किती जवळून दिसला ते गल्लीभर सांगत होते. त्यांच्यासाठी तो पास चांगलाच होता. आमच्या घरात दोघींची मागणी वेगवेगळी होती, आणि पासात ती मावत नव्हती.

महिन्याभराने वच्छला कोहक्याला आली. पिशवीत नवी निवार होती. तिने मला अंगणात उताणं केलं, फाटक्या पट्ट्या उसवल्या आणि संध्याकाळपर्यंत विणत बसली. रंग विटका हिरवा, मला मुळीच न शोभणारा.

पंचफुलाने हाताने दाबून पाहिलं. "ढिल्ली झाली."

"मंग तूच कर."

दोघींपैकी कोणीही ती पुन्हा विणली नाही. त्या दिवशी जाताना वच्छलाने नागपूरचं नाव काढलं नाही. त्यानंतरही काढलेलं नाही. भांडतात अजून, मिठावरून, पंख्यावरून, अगदी माझ्यावरूनही. मलाही ती बाई अजून फारशी आवडत नाही.

मित्रांनो, आता माझं थोडं ऐका. आमच्यासारख्यांना पावसात टाकू नका. महिन्यातून एकदा सांध्यांत तेलाचे दोन थेंब सोडा. आमच्यावर गळकी बादली ठेवू नका. फिरायला निघाल तेव्हा कागदावर किती ठिकाणं छापली आहेत ते नंतर मोजा. सोबतच्या माणसाला कुठे थांबायचं आहे, ते आधी विचारा. आणि समोरचा माणूस उभा असेल, तर तो तुम्हाला आवडत नसला तरी त्याला बसायला द्या. उभ्या माणसाचं अर्धं लक्ष त्याच्या दुखऱ्या पायांत असतं. तुमचं खरं ऐकायला त्याला आधी टेकावं लागतं.