वेंडेलची माफ झालेली पावती

पैज अशी लागली. येत्या पंधरा ऑगस्टच्या आत मी माझी एक तरी पोलिसाची पावती कोर्टातून माफ करून आणली, तर वेंडेल स्टीव्जने चर्चच्या पायऱ्यांवर उभं राहून पाच मिनिटं फ्रेंचमध्ये भाषण ठोकायचं. आणि नाही आणली, तर तँतामारच्या मिरवणुकीत मी पहिल्या पावलापासून शेवटच्या पावलापर्यंत गप्प चालायचं. हातात पातेलं नाही, ओठात शिट्टी नाही, तोंडातून हूं की चूं नाही.

तँतामार म्हणजे आम्हा अकादी लोकांचा, कॅनडातल्या जुन्या फ्रेंचांचा, पंधरा ऑगस्टचा गोंगाटाचा दिवस. अख्खं गाव डबे, झारे, भोंगे घेऊन रस्त्यावर उतरतं आणि जगाला सांगतं, आम्ही अजून आहोत बरं का, उठा. गेली बावीस वर्षं त्या मिरवणुकीत सगळ्यात पुढे आणि सगळ्यात मोठ्याने ओरडणारा मी. झोएल बुर्क. मला तिथे गप्प चालायला लावणं म्हणजे नवरदेवाला वरातीतून मागच्या दाराने घरी पाठवणं.

पैज लागली फेब्रुवारीत, आमच्याच स्वयंपाकघरात. बाहेर कमरेएवढा बर्फ, आत दोरीनने, म्हणजे माझ्या बायकोने, कोंबडी-बटाट्याचा रस्सा, आमचा फ्रिको, शिजवलेला. टेबलाभोवती आम्ही दोघं, शेजारची आल्दामावशी आणि समोरच्या घरातला वेंडेल. आम्ही तिघं फ्रेंच, वेंडेल एकटा इंग्रज. म्हणजे सगळं बोलणं इंग्रजीत. आमच्यात हे असंच. एक इंग्रज आत आला की पाव्हणा समजून सगळं घर भाषा बदलतं. कुणाला सांगावं लागत नाही. पाव्हण्याला ते दिसतही नाही.

तर वेंडेल आपल्या पावतीची गोष्ट सांगत होता. सहाव्यांदा.

"मी म्हटलं, बाबा रे, मला कळत नाहीये तू काय बोलतोयस. तो आपला बोंजूर मस्यू, बोंजूर मस्यू. मी म्हटलं, माझ्या आजीचं नाव घेतोयस की काय?"

दोरीन टेबलावर हात आपटत हसत होती. सहाव्यांदा.

आमच्या न्यू ब्रन्सविकमध्ये नियम असा की पोलिसाने गाडी अडवली तर पहिले शब्द दोन्ही भाषांत हवेत. "हॅलो, बोंजूर." मग तुम्ही ज्या भाषेत बोलाल त्या भाषेत तो बोलणार. वेंडेलला अडवणारा पोरगा नवा होता, तो नुसतं बोंजूर म्हणाला आणि फ्रेंचमध्येच सुटला. वेंडेल कोर्टात गेला. पावती माफ.

आता हा वेंडेल कोण, तर आयुष्यभर "दोन-दोन भाषांचे बोर्ड कशाला, रंग काय फुकट येतो?" म्हणून सरकारच्या नावाने बोटं मोडणारा माणूस. माझ्या बापाने या कायद्यासाठी उणे वीस अंशांच्या थंडीत मोर्चे काढले, त्याचे दोन्ही कान कायमचे लाल झाले. आणि गल्लीत कायद्याचा पहिला लाभ कुणाला? वेंडेलला.

पण खरं सांगू? मला कायद्याचं एवढं नव्हतं. मला दोरीनच्या हसण्याचं होतं. या गल्लीत हसवायचं खातं माझ्याकडे. पाद्रीबाबांच्या टपालपेटीत जिवंत खेकडा कुणी ठेवला? मी. आल्दामावशीच्या बागेतल्या बाहुल्याला तिच्या मेलेल्या नवऱ्याची टोपी कुणी घातली? मी, आणि ती स्वतः पोट धरून हसली. सव्वीस वर्षं दोरीन माझ्यावर हसत आली. आणि आता ती या टकल्यावर हसत होती, तेही त्याच एका गोष्टीवर.

"त्यात काय मोठं?" मी म्हटलं. "अशा पावत्या मी डझनाने माफ करून आणीन."

"आण की," वेंडेल म्हणाला.

"जळतोय," आल्दामावशी चमच्याने माझ्याकडे बोट दाखवत म्हणाली. बत्तीस वर्षं शाळेची बस चालवलेली बाई, आरशात बघून मागचं सगळं ओळखते. "कान बघा त्याचे. बापावर गेलाय." मग तिनेच पैजेच्या अटी ठरवल्या आणि पंचही तीच झाली.

बर्फ वितळल्यावर मी कामाला लागलो. पन्नासच्या रस्त्यावर सत्तरने गाडी घातली. मागे निळे-लाल दिवे. मी खुशीत काच खाली केली. खिडकीशी कॉन्स्टेबल म्बार्गा, वर्षभरापूर्वी बदलून आलेली.

"हॅलो, बोंजूर," ती म्हणाली. अगदी स्पष्ट, मध्ये श्वास घेऊन.

पावती नंबर एक. मुकाट्याने भरली.

दुसऱ्यांदा मी ठरवलं की तिला बोलूच द्यायचं नाही. ती खिडकीशी यायच्या आत मी आमच्या गावठी खिचडीत सुरू झालो. आमची पोरं बोलतात ना, वाक्य सुरू फ्रेंचमध्ये, क्रियापद इंग्रजी, शेवट जिकडे जमेल तिकडे. म्हटलं, बघू आता ही कुठली भाषा निवडते. ती शांतपणे ऐकत राहिली. मग हॅलो-बोंजूर म्हणाली आणि पुढचं सगळं माझ्याच खिचडीत बोलली, माझ्यापेक्षा फर्डं.

"तुम्ही कुठे शिकलात हे?" मी विचारलं.

"इथेच, बॉलच्या मैदानावर, मुलाला सोडायला जाते तेव्हा. मी कॅमेरूनची, मस्यू बुर्क. आमच्याकडेही दोन भाषा सरकारी आहेत. असल्या युक्त्या माझा मामा करायचा."

"मग?"

"तोही पावती भरायचा."

घरी येऊन मी हे सांगितलं तर दोरीन हसली खरी. पण म्बार्गावर. "हुशार आहे हो पोरगी," म्हणाली. म्हणजे आणखी एक वाटेकरी.

समोरून वेंडेल रोज संध्याकाळी गाडीचा हॉर्न दोनदा वाजवायचा. एकदा हॅलो, एकदा बोंजूर. दोरीन खिडकीतून हात हलवायची.

मे महिन्यात देव पावला. दोरीन आणि मी नदीकाठच्या बाईकडून नेच्याचे कोवळे कोंब आणायला निघालो होतो. मैदानाच्या वळणावर मी जरा पाय दाबला, आणि झुडपाआडून बाहेर आला क्लिफर्ड ल्यूट्स. हा जुना कॉन्स्टेबल. निवृत्तीला आलेला, मिशीवाला, देखणा म्हणतात बायका, मला काही तसं दिसत नाही. सगळ्या गावाला ठाऊक की हा फक्त हॅलो म्हणतो.

"हॅलो, झोएल," तो म्हणाला.

माझ्या काळजात कारंजं उडालं. मी काही न बोलता परवाना दिला. तो वाकला, खिडकीतून आत बघितलं, टोपीला हात लावला आणि म्हणाला, "बोंजूर, दोरीन."

अगदी हळू. सुरात. आणि दोरीन चक्क लाजली.

"बोंजूर, क्लिफर्ड. छान जमलं," ती म्हणाली.

पावती घेऊन पुढे निघालो. मी विचारलं, "हे काय होतं?"

"काय काय होतं?"

"बोंजूर, दोरीन."

"अरे, तो येतो माझ्या मंगळवारच्या वर्गाला. दोन महिने झाले." दोरीन चर्चच्या हॉलमध्ये इंग्रज लोकांना फ्रेंच शिकवते, हे मला ठाऊक होतं. कोण कोण येतं ते मी कधी विचारलं नव्हतं. "फार मेहनती आहे. वही स्वच्छ ठेवतो."

"वही स्वच्छ ठेवतो," मी म्हटलं.

"तुझी पावती मिळाली ना तुला? मग गप बस."

बरोबर होतं तिचं. ल्यूट्सने मला नुसतं हॅलो म्हटलं होतं. नियमाप्रमाणे पावती माफ व्हायलाच हवी. पण कोंब उकडून, लोणी लावून समोर आले तरी माझ्या घशात तो बोंजूर अडकलेलाच. तीस वर्षं नोकरी केली या ल्यूट्सने, मला कधी एक बोंजूर नाही. माझ्या बापाला नाही. आणि दोरीनला सुरात?

जुलैच्या शेवटी तारीख लागली. न्यायाधीश तेरियो नावाच्या बाई, नाकावर चष्मा, समोर बर्फाच्या पाण्याचा पेला. मागच्या बाकावर दोरीन, आल्दामावशी आणि वेंडेल. वेंडेलने कोट घातला होता, जणू सत्काराला आलाय.

"मस्यू बुर्क, खटला कोणत्या भाषेत हवा?" बाईंनी विचारलं.

"फ्रेंच," मी छाती पुढे काढून म्हटलं.

ल्यूट्सच्या कानात भाषांतराचं यंत्र बसवलं. तो उभा राहिला, वही काढली. स्वच्छ होती, मला इथूनही दिसत होती.

"कॉन्स्टेबल, गाडी थांबवल्यावर तुम्ही काय म्हणालात?"

"हॅलो म्हणालो, बाई."

"फ्रेंचमध्ये काही?"

ल्यूट्सने पान उलटलं. प्रामाणिक माणूस, ते मान्य करावं लागेल. "मस्यू बुर्क यांना नाही. नोंदीत फक्त हॅलो आहे."

मागे वेंडेल बाकावर जरा खाली घसरला. चर्चच्या पायऱ्या मला डोळ्यांसमोर दिसू लागल्या. त्यांवर वेंडेल, हातात कागद, घामाघूम. समोर दोरीन, माझ्या खांद्याला धरून हसतेय.

बाईंनी पेन उचललं. "मस्यू बुर्क, निर्णयाआधी तुम्हाला काही सांगायचंय?"

नाही म्हणायचं होतं. दोन अक्षरं. जगातला कुठलाही शहाणा माणूस तेवढंच म्हणाला असता. पण ल्यूट्सने त्याच क्षणी दोरीनकडे बघून टोपीला हात लावला. माफी मागतोय असा. आणि दोरीनने मान हलवली. असू दे, अशी.

"एक विचारायचंय, बाई," मी म्हटलं. "यांना विचारा, माझ्या बायकोला ते बोंजूर का म्हणाले?"

बाईंनी चष्म्यावरून बघितलं. "कधी?"

"तेव्हाच. त्याच खिडकीतून. मला कोरडा हॅलो आणि हिला बोंजूर, दोरीन. तेही असं," आणि मी सुरात म्हणून दाखवलं. दोनदा. दुसऱ्यांदा टोपीला हात लावून.

कोर्टात कुणीतरी खोकलं. भाषांतर करणारी बाई यंत्रामागे तोंड दाबून बसली होती.

"म्हणजे," बाई सावकाश म्हणाल्या, "गाडी थांबल्याबरोबर त्या खिडकीत हॅलो आणि बोंजूर, दोन्ही ऐकू आलं?"

"पण ते मला नव्हतं, बाई."

"तुम्हाला ऐकू आलं का?"

"आलं ना. तेच तर सांगतोय. मे महिन्यापासून येतंय."

"तुम्हाला फ्रेंचमध्ये बोलायचं होतं, तर बोलता आलं असतं?"

मी दोरीनकडे बघितलं. तिने दोन्ही हातांनी तोंड झाकलं होतं.

"आलं असतं," मी म्हटलं.

"दोन्ही भाषा हजर होत्या. पावती कायम. आणि मस्यू बुर्क, कॉन्स्टेबल तुमच्या बायकोला बोंजूर का म्हणतात, हा प्रश्न या कोर्टाच्या कक्षेत येत नाही. तो घरी सोडवा."

पंधरा ऑगस्टला संध्याकाळी पाच पंचावन्नला आल्दामावशीने माझे खिसे तपासले. बाहीत लपवलेली एक शिट्टी काढून घेतली. "बूट आपटायचे नाहीत," म्हणाली. "मी मागेच आहे."

सहाला गोंगाट सुरू झाला. पिंपं, पातेली, करवतीची पाती, कुणी तर गवत कापायचं मशीनच घेऊन आलेला. गालांवर आमच्या झेंड्याचे निळे, पांढरे, लाल पट्टे आणि पिवळा तारा. माझ्या एका बाजूला दोरीन, हातात दोन झाकणं. दुसऱ्या बाजूला वेंडेल, आयुष्यात पहिल्यांदा तँतामारमध्ये. गळ्यात माझंच मोठं पातेलं अडकवलेलं.

लोक येऊन विचारत होते. "झोएल, आजारी आहेस काय? घसा बसला काय?"

उत्तर वेंडेल देत होता. फ्रेंचमध्ये. तोडकंमोडकं, लिंगवचनाचा चुराडा, पण देत होता. "हा. जळला. कोर्ट. बायको. बोंजूर." आणि पातेल्यावर एक दणका. हाही मंगळवारी वर्गाला जातो, हे मला तेव्हा कळलं. माझ्या जिभेवर त्याच्यासाठी इतकी झकास शिवी आली होती, दोन्ही भाषांतून मिळून केलेली, की ती गिळताना डोळ्यात पाणी आलं.

बेकरीच्या कोपऱ्यावर म्बार्गा वाहतूक थांबवून उभी होती. मुलाला खांद्यावर घेतलेलं. तिने मला बघितलं, मागची आल्दामावशी बघितली आणि तिला सगळं समजलं. "मस्यू बुर्क, काही तक्रार असेल तर आत्ताच सांगा," ती म्हणाली.

मी ओठ मिटून चालत राहिलो. माझा चेहरा कसा झाला होता कोण जाणे. उकडलेल्या लॉबस्टरसारखा, असं आल्दामावशी अजून सांगते. दोरीनने वाकून माझ्याकडे बघितलं, आणि तिची झाकणं थांबली. मग ती हसायला लागली. एवढी की तिला रस्त्यातच थांबून माझा दंड धरावा लागला. मागचे लोक तिच्यावर आदळले, तरी ती हसतच होती. वेंडेलने घाईघाईने आपली पावतीची गोष्ट पुन्हा सुरू केली. तिने त्याच्याकडे ढुंकूनही बघितलं नाही.

"बोल ना काहीतरी," ती मला म्हणाली.

मी मान हलवली. चर्चपर्यंत अजून तीन गल्ल्या होत्या, आणि आल्दामावशी मागून पावलं मोजत होती.