गाण्याखालचा आवाज

सिनेमावाल्यांना जुनं चित्रीकरण शोधून द्यायचं आणि ते वापरायची लेखी परवानगी मिळवायची, हा माझा धंदा. लोकांना वाटतं, किती शांत काम! माझं डोकं मात्र रोज फिरतं.

या वेळी एका माहितीपटासाठी सीमाभागातलं बौद्ध पद्धतीचं लग्न हवं होतं. बीदरला मैलूरमध्ये राहणाऱ्या मंगलताईंकडे त्यांच्याच लग्नाची कॅसेट निघाली. पांढरी साडी, बुद्धांच्या आणि बाबासाहेबांच्या फोटोपुढं मेणबत्त्या, अंगणात अख्खं गाव. अगदी हवं तसं. पण सुरुवातीपासून शेवटपर्यंत वर हिंदी सिनेमातली गाणी चढवलेली! त्या गाण्यांचे हक्क घ्यायचे तर आमचा माहितीपटच विकावा लागला असता.

"सही करते मी," मंगलताई म्हणाल्या, "पण आधी हे बघा."

पाठवणीच्या वेळी त्यांची आई भागाबाई थेट कॅमेऱ्याकडं बघत, हात हलवत काहीतरी बोलत होती. वर गाण्यातली बासरी वाजत होती, तिचा एक शब्दही ऐकू येत नव्हता.

"त्याच पावसाळ्यात आई गेली. तिचा आवाज कुठंच न्हाई बघा. ती काय म्हणायलीय, तेवढं मला काढून द्या. आमचे हे म्हणतेत, जेवून जावा म्हणायलीय. वहिनी म्हणती, काशप्पाला शिव्या द्यायलीय."

काशप्पा म्हणजे ते लग्न काढणारा व्हिडिओवाला. आता मलाही चैन पडेना. परवानगी राहिली बाजूला, त्या बाईचे ओठ माझ्या डोक्यात बसले.

मंगलताईंना घेऊन हुलसूरला काशप्पांचं दुकान गाठलं. हल्ली ते मोबाइलची कव्हरं विकतात. गाणी चढवण्याआधीची कॅसेट आहे का, म्हणून विचारलं तर हसले.

"कच्ची कॅसेट कोण ठेवतंय अक्का? तिच्यावर पुढचं लग्न काढायचं."

तरी त्यांनी माळ्यावरचं पोतं उतरवलं. त्यात मंगलताईंच्या लग्नाची कच्ची कॅसेट निघाली. नशीब बघा, हिची फीत चुरगळली होती म्हणून ही तेवढी न वापरता पडून राहिली होती. काशप्पांनी चुरगळलेला तुकडा कापला, फीत जोडली आणि जुनं यंत्र लावलं.

चित्र फिकट होतं, पण आवाज होता! भांडी, कुत्रं, कुणाचं तरी रडणं. मग भागाबाई कॅमेऱ्याच्या अगदी जवळ आली.

"आरं काशप्पा, मला कामून काढायलास? तिला काढ की! ती गेल्यावर मी कुणाला बघू?"

मला रडू फुटलं आणि ते लपवायचंही सुचलं नाही. काशप्पांनी फीत मागं घेऊन पुन्हा लावली. परवानगीचा कागद माझ्या पिशवीतच राहिला.

मंगलताईंनी विचारलं, "अण्णा, तुम्ही कॅसेटी किती दिल्या होत्या?"

"एकच. नवरीच्या सासरी पोचवायची. तशीच पद्धत होती तवा."

"व्हय," त्या म्हणाल्या. "इतकी वर्षं मी आईला बघत बसले. आईनं मला बघितलंच न्हाई."