बारा वर्षांनी पाठवणी

अमरदीपच्या डोक्यावरचा लाल फेटा पाहिला आणि निताचं डोकं भडकलं. नवरीच्या भावाचा फेटा. बारा वर्षांपूर्वी तिच्या खऱ्या लग्नात तो बांधायला हा सख्खा भाऊ हजर नव्हता. ऑर्केस्ट्रासोबत ढोलकी वाजवत सुरतेला होता.

पुढे ढोलकी सुटली. मालिकांत छोटी कामं, मग सिनेमात मोठी, आणि आता स्वतःच दिग्दर्शक होऊन तो आसेगावजवळच्या आपल्या तांड्यात शूटिंगला आला होता. सिनेमात बहिणीची पाठवणी होती. भाऊ अर्थात तोच.

बहिणीचं काम करणारी मात्र पुण्याची. पोरगी गोड, पण तिला ढावलो येईना. बंजाऱ्यांची नवरी सासरी निघताना एकेकाच्या गळ्यात पडून जे रडत गाते, तो ढावलो. चाल जुनी, शब्द जिचे तिने जोडायचे. पोरीने लिहून दिलेलं पाठ केलेलं. तांड्यातल्या म्हाताऱ्या तोंडात ओढणी कोंबून हसल्या. म्हणून निताला तिच्या सासरहून, कामरगावहून बोलावणं. तोंड झाकून, त्या पोरीच्या जागी तिने गायचं.

"तुह्या लग्नातला म्हण," अमरदीप म्हणाला. "लय भारी होता म्हणे."

"म्हणे," निता म्हणाली.

आई रुपाबाईने तिला बाजूला घेऊन समजावलं, भाऊ मोठा माणूस झाला, चार लोकांत शोभा करू नको. निताने मान हलवली. मान हलवायला काय जातं.

कॅमेरा सुरू झाला. ती भावाच्या गळ्यात पडली आणि तिने चाल धरली. भिया, तुझ्यासाठी जीप दोनदा थांबवली. तू आला नाहीस. मग मी तू घरी टाकून गेलेल्या नगाऱ्याच्या गळ्यात पडले. इतकं रडले की कातडं भिजलं, बापाने टिपरू मारलं तर आवाज फुटेना. आज फेटा बांधून कोणाला वाटेला लावतोस, भिया?

अमरदीप रडला. नाक गळेपर्यंत रडला. कॅमेरावाला वाट पाहत राहिला, कारण कट ज्याने म्हणायचं तोच बहिणीच्या मिठीत होता.

मग त्याने तोंड पुसलं आणि म्हणाला, "मस्त. आता एक डाव या बाजूनं घेऊ."

निताने ओढणी मागे सारली. "माहा ढावलो झाला. पाठवणीची एवढी हौस हाये ना तुले? मंग चाल, एस.टी.वर सोड मले."

त्याने सूर्याकडे पाहिलं. अर्ध्या तासाचा उजेड उरला होता. त्याचं ते पाहणंही निताने पाहिलं, आणि पिशवी उचलून ती चालू लागली.

विहिरीपाशी मागून मोटारसायकल आली. फेटा डोक्यावर तसाच. ती मागे बसली.

फाट्यावर एस.टी. उभी होती. तो थांबला नाही, थेट कामरगावचा रस्ता धरला. दोघांच्या मधे पिशवी ठेवून, मागची कडी धरून ती बसून राहिली. घर येईस्तोवर तिने भावाच्या खांद्याला हात लावला नाही.