ढब्बूचा नकार

जनावरांचा तो छोटा दवाखाना डॉक्टरबाई आणि त्यांची मोठी नणंद मिळून चालवत. डॉक्टरबाई टाके घालत, नणंदबाई मालकांना धीर देत. तिसरा मेंबर ढब्बू. रस्त्यावरून आणलेला, वासराएवढा कुत्रा. त्याचं रक्त चढवून कितीतरी कुत्री वाचली होती.

डॉक्टरबाई त्याला फुलासारखं जपत. रक्त घेण्याआधी मान बधिर करत, नंतर उकडलेली अंडी देत. अंथरूण इतकं मऊ, की नणंदबाई म्हणत, "पुढच्या जन्मी मला याची जागा द्या."

पण हल्ली मानेवरचे केस काढायचं मशीन घुरघुरलं, की ढब्बू टेबलाखाली शिरायचा.

"वहिनी, त्याला नकोय ते."

"वन्सं, त्याला दुखतसुद्धा नाही. काय कमी केलंय मी त्याला?"

"कमी काहीच नाही गं. पण रक्त त्याचं आहे. नाही म्हणायची सोय कुठेय त्याला?"

"उद्या पगार मागेल!" डॉक्टरबाई हसल्या आणि विषय तिथेच राहिला.

त्याच आठवड्यात भर दुपारी एक शिंपी धापा टाकत आला. चादरीत त्याची कुत्री. गाडीखाली आली होती, हिरड्या पांढऱ्याफटक पडल्या होत्या. डॉक्टरबाईंनी रक्तस्राव थांबवला, सलाईन लावलं आणि मशीन हातात घेतलं. ढब्बू टेबलाखाली. हाक मारली, अंडं दाखवलं, हलेना. त्यांनी पट्टा धरून ओढलं. तो गुरगुरला नाही. त्याने पाय फरशीवर रोवले आणि तोंड भिंतीकडे फिरवलं.

डॉक्टरबाईंनी पट्टा सोडला.

"वन्सं, फोन लावा. मोठा कुत्रा कुणाकडे आहे बघा."

"अहो, समोर धडधाकट कुत्रा असताना?" शिंपी कळवळला.

"तो नाही म्हणतोय," डॉक्टरबाई म्हणाल्या. आपल्याच तोंडून हे ऐकून त्या जरा चपापल्या.

कोपऱ्यावरचा बेकरीवाला पिठाच्या हातांनीच आपल्या धिप्पाड कुत्रीला घेऊन आला. रक्त जुळलं. "ही उठली तर मी थांबणार," डॉक्टरबाईंनी आधीच बजावलं. ती मालकाच्या मांडीवर डोकं टेकून पडली. पिशवी भरत आली तशी उठून बसली. डॉक्टरबाईंनी लगेच सुई काढली.

"पुरेल का?" शिंप्याने विचारलं.

"पुरवू."

तासाभराने शिंप्याच्या कुत्रीच्या हिरड्यांवर गुलाबी छटा आली. त्याला रडू आवरेना.

हात धुताना डॉक्टरबाई म्हणाल्या, "आज निभावलं, वन्सं. एखाद्या दिवशी कुणीच आलं नाही तर?"

"जड जाईल," नणंदबाई म्हणाल्या. "म्हणून आजपासूनच माणसं जोडायची."

जोडलीही. मोठी कुत्री पाळणाऱ्या घरांना दोघींनी फोन केले. काहींनी तोंडावर नकार दिला, बरेच जण तयार झाले. अट एकच: कुत्रा उठला, की सुई बाहेर.

कुत्रीचे टाके काढायला शिंपी तिला घेऊन आला, तेव्हा ढब्बू दारातच आडवा पसरला होता. त्याला ओलांडून आत येत शिंप्याने विचारलं, "मग आता हा करतो काय इथे?"

"राहतो," डॉक्टरबाई म्हणाल्या.