गल्लीचं लोखंड

गल्ली पाडली तेव्हा लोक भांडीकुंडी घेऊन बाहेर पडले आणि शिल्पकार पोतं घेऊन आत शिरला. कड्या, बिजागऱ्या, खिडक्यांचे गज, ढिगाऱ्यात दिसेल ते त्याने वेचलं. लोक त्याला आधीपासूनच 'भंगारभाऊ' म्हणत. त्या दिवशी कुणाला चिडवायचंही सुचलं नाही.

त्याचे वडील रंगारी. गल्लीतलं एकही दार त्यांच्या ब्रशातून सुटलेलं नव्हतं. भाड्याच्या नव्या खोलीत आल्यापासून मात्र त्यांनी तोंडाला कुलूप लावलं होतं. दिवसभर भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे. बहीण म्हणाली, "दादा, असंच चाललं तर बाबा हातचे जातील." तेव्हा त्याने ठरवलं, या लोखंडातून गल्ली उभी करायची आणि बाबांना तिच्यासमोर न्यायचं. बोलतील, नाहीतर निदान रडतील तरी.

त्याने रक्ताचं पाणी केलं. रंगावर वेल्डिंग धरत नाही, म्हणून प्रत्येक तुकडा ग्राइंडरने घासला. सांध्यापुरता घासला असता तरी भागलं असतं. पण लोखंडाचं अस्सल रूप दिसलं पाहिजे, हे त्याच्या डोक्यात बसलेलं. शिकलेल्या माणसाचं खूळ, दुसरं काय. खाली पडलेला रंगीत भुगा तो रोज झाडून कचऱ्यात टाकत होता.

काम पुरं झालं तसा तो बाबांना हाताला धरून आपल्या कारखान्यात घेऊन आला. बाबा बराच वेळ बघत राहिले. मग त्यांनी एका कडीवर अंगठा फिरवला, मग दुसरीवर.

"रंग कुठाय?" किती दिवसांनी ते बोलले होते.

"घासून काढला, बाबा."

"सगळा?"

"सगळा."

"शिंपीणबाईंचं दार निळं होतं. त्याखाली हिरवा, त्यांच्या लग्नात दिलेला. त्याच्याही खाली..." बाबा थांबले. "जाऊ दे."

शिल्पकाराने कोपऱ्यातल्या ग्राइंडरकडे पाहिलं. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. बापाचा उभा जन्म त्या रंगात होता. बुलडोझरच्या तावडीतून तो वाचला, आणि याने आपल्या हाताने, कौतुकाने खरवडून टाकला.

"तुम्ही रंग सांगा, बाबा. मी पुन्हा लावतो."

बाबांनी नकारार्थी मान हलवली. "चांगलं झालंय," ते म्हणाले.

दुसऱ्या रंगाऱ्याने बिघडवलेलं काम पाहिलं की ते असंच म्हणायचे, आणि मग त्या घराकडे पुन्हा फिरकायचे नाहीत.